कुंपणातली खाच

प्रेमात पडायला फाल्क ड्रेशरची तशी काही हरकत नव्हती. चोवीस वर्षांच्या माणसानं केव्हातरी पडायचंच असतं, आणि लाइपझिगच्या नगरपालिकेत, कुत्र्यांवरचा कर घेणाऱ्या श्वानकर खात्यात, त्याची नोकरी नुकतीच कायम झालेली असल्यामुळे वेळही बरी होती. त्याची तक्रार होती ती रीतीबद्दल. माणूस नाचाच्या क्लासात प्रेमात पडतो, कुणाच्या लग्नात पडतो, गेला बाजार तळ्यावर पोहायला जाऊन पडतो. पण जुलैतल्या शनिवारी, भर उन्हात, हातात कुंपण छाटायचं चालू मशीन असताना, तेही दुपारचा एक वाजायला आलेला असताना, कुणी पडतं का? हा निव्वळ अन्याय होता. आणि त्याची दाद कुठल्या खिडकीवर मागायची, हे रोज दुसऱ्यांच्या तक्रारी घेणाऱ्या फाल्कलाही सांगता आलं नसतं.

बरं, कुंपणही त्याचं नव्हतं. ते त्याच्या गुड्रून मावशीचं. शहराच्या कडेला, रेल्वेच्या रुळांपलीकडे, एकाला एक लागून बागांचे तुकडे आहेत. दर तुकड्यात एक लाकडी खोली, सफरचंदाचं एखादं झाड, बटाट्याचे वाफे आणि शेजाऱ्यावर डोळा ठेवून असलेला एक मालक. मालक म्हणजे नावाचाच. जमीन बागवाल्यांच्या मंडळाची, आणि मंडळाच्या मनात येईल तेव्हा काढून घेता येणारी. त्यातला एक तुकडा मावशीचा. नवरा गेल्यापासून मावशी गावातल्या तिसऱ्या मजल्यावरच्या घरी नुसती झोपायला जाते, राहते बागेतच. यंदा तिच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं, डॉक्टरांनी तिला समुद्राकाठच्या आरोग्यधामात धाडलं, आणि इकडे ऊन नि पाऊस आलटून पालटून मिळाल्यामुळे कुंपणानं असं काही अंग धरलं की ते पार माणसाच्या डोक्यावर गेलं.

शुक्रवारी रात्री मावशीचा फोन आला.

"फाल्क, रविवारी तपासणी आहे. कुंपण सव्वा मीटरच्या वर एक बोट जरी दिसलं ना, तर दुसरी ताकीद. पहिली गेल्या वर्षीच मिळालीय. दुसरी म्हणजे बाग गेली. कळतंय का?"

"कळतंय, मावशी."

"काय कळतंय?"

"बाग गेली."

"गेली नाहीये अजून! असं अभद्र बोलू नकोस!" मावशी ओरडली. मग आवाज खाली आणून म्हणाली, "अरे, ती बाग गेली तर मी सकाळी उठून जाऊ कुठे?"

त्यानं शब्द दिला.

बागेबागेतलं कुंपण सव्वा मीटरच का, हे विचारायचं नसतं. शेजारी काय करतो ते दिसावं, पण तो काय खातो ते दिसू नये, अशा बेतानं पूर्वी कुणीतरी ही उंची काढली असावी. फाल्कनं कधी विचारलंही नव्हतं. त्याला नियम आवडत. नियम पाळणाऱ्याचं कुणी वाकडं करू शकत नाही, अशी त्याची श्रद्धा होती आणि श्वानकर खात्यात ती आणखी पक्की झाली होती. आदल्या रात्री त्यानं मंडळाची नियमावली तोंडपाठ केली. रविवारी मशीन बंद. शनिवारी दुपारी एक ते तीन विश्रांती. तेवढ्यात मशीन नाही, हातोडी नाही, रेडिओ नाही, मोठ्यानं बोलणं नाही. सूट फक्त चर्चच्या घंटेला आणि तान्ह्या बाळांना, आणि बाळांबद्दल मंडळात दोन मतं होती. म्हणजे काम शनिवारी सकाळी उरकायला हवं. एवढ्याशा कुंपणाला लागून लागून किती वेळ लागणार? तासभर.

पण कुंपण छाटायला माणूस एकटा उभा राहिला आणि बाकीचे गप्प बसले, असं त्या बागांच्या इतिहासात कधी घडलेलं नाही.

पहिले आले पेट्झोल्टसाहेब. हे निवृत्त ट्रामचालक. गळ्यात दुर्बीण, कारण त्यांना पक्ष्यांचा नाद. "मशीन ठेवा खाली," ते म्हणाले. "आत घरटं असलं तर? कायदा आहे. उन्हाळ्यात फक्त यंदाची कोवळी वाढ छाटायची. जुन्या लाकडाला हात लावाल तर याद राखा." मग त्यांनी कुंपणाचं एकेक झुडूप हातानं बाजूला करून पाहिलं. एक जुना टेनिसचा चेंडू सापडला, घरटं नाही. याचं त्यांना स्पष्टच वाईट वाटलं. ते भरून काढायला त्यांनी दोरी आणली. आयुष्यभर रुळावरून गेलेला माणूस, सरळ रेषेचं त्यांना वेड. दोन काठ्या रोवल्या, दोरी ताणली, आणि दोरी डाव्या अंगाला हातभर खाली गेलेली दिसली.

"दोरी वाकडी आहे," फाल्क म्हणाला.

"दोरी सरळ आहे. तुमच्या मावशीची जमीन वाकडी आहे."

नाचता येईना अंगण वाकडं, असं आपल्याकडे म्हणतात; पेट्झोल्टसाहेबांनी ते खरोखरच्या अंगणाला लावलं. फाल्कनं खिशातली घडीची मोजपट्टी काढून ठिकठिकाणी मोजलं, दोरी वर बांधली, साहेबांनी ती पुन्हा खाली बांधली, फाल्कनं पुन्हा वर. यात अकरा वाजून गेले.

तेवढ्यात लेनर्टबाई आल्या. या शाळेत कवायत शिकवत असत आणि निवृत्त झाल्या तरी सगळ्यांना रांगेतच उभं असल्यासारखं वागवत. संध्याकाळी मंडळाचा उन्हाळी मेळा होता आणि त्यातलं बटाट्याचं सॅलड त्यांच्याकडे होतं. गेली अनेक वर्षं त्यांच्याकडेच होतं. दुसऱ्या कुणी करून बघितलं तर त्या त्याच्याशी हिवाळ्यापर्यंत बोलत नसत.

"एवढ्या उन्हात छाटताय? पानं करपतील."

"मग कधी छाटू? उद्या रविवार आहे."

"ते मला काय विचारता? मी फक्त सांगितलं. मागाहून म्हणाल, लेनर्टबाईंनी सांगितलं नाही."

"उद्या तपासणी आहे हो!"

"ते मला माहीत आहे. मी तपासणीच्या समितीवर आहे," लेनर्टबाई म्हणाल्या आणि सावलीत बाकावर बसल्या. पेट्झोल्टसाहेबही बसले. दोघांनी तिथूनच उंटावरून शेळ्या हाकायला सुरुवात केली.

आता मशीन लावायचं तर मावशीच्या खोलीतला बोर्ड बंद. पेट्झोल्टसाहेबांनी मोठ्या मनानं आपली लांबलचक वायर दिली आणि कुठेतरी नेऊन जोडलीही. कुठे, ते फाल्कनं विचारलं नाही. पुढे जे झालं त्यात एवढी एक चूक त्याची होती, हे मान्य करायला हवं. साहेबांनी ती स्वतःच्या खोलीतून नव्हे, सगळ्या बागांना वीज देणाऱ्या मंडळाच्या विजेच्या पेटीला मेळ्यासाठी बाहेरून बसवलेल्या सॉकेटातून घेतली होती. आपल्या मीटरवर दुसऱ्याचं कुंपण का म्हणून छाटू द्यायचं?

शेवटी साडेबाराला मशीन सुरू झालं. फाल्क डावीकडून उजवीकडे निघाला. शेंडे खाली पडू लागले, कुंपण दोरीबरोबर सरळ उतरू लागलं, आणि घाम डोळ्यांत जात होता तरी त्याला बरं वाटलं. नियम आणि माणूस एका रेषेत येत होते.

पलीकडची बाग वसंतात एका नव्या बाईंना मिळाली होती. त्यांच्याबद्दल मंडळाचं मत बनून तयार होतं, मात्र त्यांना अजून कुणी नीट पाहिलं नव्हतं, कारण मध्ये हे कुंपण. बागेच्या तिसऱ्या हिश्श्यात भाजीपाला हवाच असा नियम असताना त्यांनी म्हणे मुळ्याची एक ओळ लावली होती आणि बाकी सगळं गवत नि खसखशीची लाल फुलं. "भाजी नाही, आणि कुंपणाआड काय चालतं कोण जाणे," असं लेनर्टबाई म्हणत.

निम्मं कुंपण उतरलं आणि फाल्कला कुंपणाआड काय चालतं ते दिसलं. एक मुलगी आरामखुर्चीत बसली होती. डोक्यावर भोक पडलेली गवती टोपी, मांडीवर स्ट्रॉबेरी नि दुधाचं भांडं, आणि त्या भांड्यात, टोपीवर, खांद्यांवर फाल्कनं छाटलेला पाला. तिनं भांड्यातून एक डहाळी चमच्यानं बाहेर काढली, तिच्याकडे पाहिलं, मग त्याच्याकडे पाहिलं.

"यात मी साखर घातली होती," ती म्हणाली. "पाला नव्हता घातला."

बस्स. एवढंच. हे काय प्रेमात पडण्यासारखं वाक्य आहे? फाल्कनं नंतर ते पुष्कळदा घोळवून पाहिलं आणि दर वेळी त्याला संताप आला. पण त्या क्षणी तिच्या कपाळावर ऊन होतं, ओठांना स्ट्रॉबेरीचा रंग लागला होता, ती रागावलेली होती आणि रागावूनही तिला हसू आवरत नव्हतं. आणि फाल्कच्या छातीत काहीतरी असं खाली गेलं की सोबत दोन्ही हातही गेले. हातात मशीन होतं. मशीनला प्रेमाबिमाचं काही नसतं. ते दोरी तोडून, यंदाची कोवळी वाढ तोडून, जुनं लाकूड तोडून सरळ खाली उतरत गेलं, आणि कुंपणाला त्याच्या गुडघ्यापर्यंत, एक माणूस सहज जाईल एवढी रुंद खाच पाडून, खाली जमिनीवर पडलेल्या पेट्झोल्टसाहेबांच्या वायरवर पोचलं.

निळा जाळ झाला. मशीन थांबलं. दूरवर चालू असलेली सगळी गवत कापायची यंत्रं थांबली, कुणाचा तरी रेडिओ थांबला, आणि त्या शांततेत चर्चच्या घंटेनं एकाचा टोला दिला.

फाल्क ओरडणार होता. तोंड उघडलंही होतं. पण एक वाजला होता. त्यानं तोंड मिटलं.

"हे काय केलंत?" मुलगी उठून खाचेपाशी आली. तीही कुजबुजत होती. नियम तिलाही माहीत होता.

"मी? तुम्ही मध्ये आलात!"

"मी माझ्या बागेत, माझ्या खुर्चीत बसले होते. मध्ये कशी येईन?"

"दिसलात ना पण!"

"दिसणं हा गुन्हा आहे?"

"कुंपण छाटताना, हो!"

कुजबुजत भांडण्यात एक मोठी गैरसोय असते. मोठ्यानं भांडायचं तर माणूस आपापल्या जागी उभं राहून भांडू शकतो. कुजबुजत भांडायचं तर समोरच्याला ऐकू जायला पुढे वाकावं लागतं. मग त्याचं ऐकायला आणखी पुढे. खाच तर गुडघ्यापर्यंत उघडीच होती. दोनचार वाक्यांत त्यांची नाकं इतकी जवळ आली की फाल्कला तिच्या नाकावरचे सगळे तीळ दिसायला लागले आणि आपण कशाबद्दल रागावलो आहोत ते आठवायला त्याला कष्ट पडू लागले. तिचं नाव विब्के. ती उत्तरेकडची, समुद्राकडची. पियानो जुळवणं हा तिचा धंदा.

"आठवडाभर लोकांचे बेसूर पियानो ऐकते मी," ती कुजबुजली. "शनिवारी मला कुणी दिसू नये, कुणाला मी दिसू नये, म्हणून ही बाग घेतली. तुमचं कुंपण मला फार आवडत होतं."

"ते बेकायदेशीर होतं."

"पण उंच होतं!"

"उद्या तपासणी आहे. ते उंच राहिलं तर माझ्या मावशीची बाग जाईल. तिला दुसरं काहीच नाही."

विब्केनं खाचेकडे पाहिलं. मग छाटलेल्या अर्ध्या कुंपणाकडे, मग डोक्यावर गेलेल्या उरलेल्या अर्ध्याकडे. "मग आधी का नाही सांगितलंत?" ती म्हणाली. आवाजातला राग निम्मा झाला होता, आणि याचंच फाल्कला जास्त वाईट वाटलं. रागावलेली होती तोवर निदान तोंड देता येत होतं. आता तिच्याशी कसं वागायचं, हे कुठल्याच नियमावलीत नव्हतं.

"एवढं वाकून काय बोलताय?" मागून लेनर्टबाई कुजबुजल्या. त्या आपल्या बागेतल्या खोलीत जाऊन, फ्रिज बघून, धावत परत आल्या होत्या. "वीज गेलीय! माझं सॅलड! अंड्याचं मेयोनेज आहे त्यात, या उन्हात अर्ध्या तासात नासेल!"

त्यांच्यामागून हळूहळू निम्मं मंडळ जमलं, सगळे चवड्यांवर. मेळ्याची बिअर गरम होत होती. मुलांचं आइस्क्रीम वितळत होतं. शंभर सॉसेजं होती. पेट्झोल्टसाहेबांनी जळक्या वायरीचं टोक उचलून पाहिलं आणि त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं. मग त्यांनी खाच पाहिली. "जुनं लाकूड," ते कुजबुजले. "जुनं लाकूड तोडलंत तुम्ही." फाल्कला वाटलं, ट्रामखाली माणूस आला असता तरी साहेब असे बोलले नसते.

विजेच्या पेटीची किल्ली मंडळाचे अध्यक्ष क्रेचमारसाहेब यांच्याकडे होती. क्रेचमारसाहेब आपल्या बागेतल्या खोलीत झोपले होते. दुपारच्या विश्रांतीचा नियम त्यांनीच लढून, मतदान घेऊन पास करून घेतला होता, आणि त्या वेळेत घंटा वाजवणाऱ्या एका पोस्टमनला ते एकदा असं बोलले होते की तो पत्रं रस्त्यावर टाकून पळाला होता. आता त्यांना उठवणार कोण?

सगळी वरात त्यांच्या फाटकाशी गेली. नासकी अंडी एका बाजूला आणि अध्यक्षांची झोप एका बाजूला, अशा पेचात सापडलेले लोक जे करतात तेच त्यांनी केलं: ज्यानं घोटाळा केला त्याला पुढे ढकललं. फाल्कला फाटकाच्या आत लोटलं गेलं. तो घंटेसमोर उभा राहिला. घंटेखाली पाटी होती: 'एक ते तीन वाजवू नये.' आयुष्यात पाटीविरुद्ध न वागलेल्या माणसाचा हात वर गेला आणि तसाच खाली आला.

"वाजवा!" लेनर्टबाई फाटकाबाहेरून कुजबुजल्या.

"नियम आहे."

"आता नियम आठवतोय! वायर तोडताना कुठे होता नियम? डोळे कुठे होते तुमचे?"

तोंड दाबून बुक्क्यांचा मार कशाला म्हणतात ते फाल्कला त्या दिवशी कळलं. बाकीचे सगळे एकदम कुजबुजू लागले, आणि एवढी माणसं एकदम रागानं कुजबुजायला लागली की पोळ्यातून माश्या उठल्यासारखा आवाज होतो. कुणी म्हणालं मशीन जुनं. कुणी म्हणालं वायर. वायर म्हटल्यावर पेट्झोल्टसाहेबांनी घाईघाईनं तिसऱ्याच दिशेला बोट केलं.

"ही बाई मध्ये आली. मी पाहिलं बाकावरून. ही उठली नसती तर हा सरळ दोरीवरून गेला असता."

"तरीच!" लेनर्टबाई विब्केकडे वळल्या. "आली तेव्हापासून बघतेय. एक भाजी लावत नाही, कुणाला नमस्कार करत नाही, कुंपणाआड बसून राहते. आता भर कामात माणसाचं लक्ष उडवलंत. उद्या समितीपुढे तुमच्या बागेचाच विषय आधी घेते मी. रांग मोठी आहे बागांसाठी, तुमच्या जागी चांगली माणसं येतील!"

विब्केनं डोक्यावरची टोपी काढून हातात घेतली आणि तिचे कान लाल झाले. तेवढं फाल्कला दिसलं, आणि चोवीस वर्षं साचलेला सगळा संताप एकदम त्याच्या घशाशी आला. हा कुठला न्याय? मुलगी आपल्या खुर्चीत बसून स्ट्रॉबेरी खात होती! दोरी यांची वाकडी, वायर यांनी चोरून जोडलेली, सल्ले यांचे, आणि बाग जाणार हिची?

"तिची काहीही चूक नाही!" फाल्क गरजला. "ती नुसती बसली होती! मी बघत राहिलो तिच्याकडे! मला आवडली ती! इतकी आवडली की हातातलं मशीन खाली गेलं! यात तिचा काय गुन्हा? सांगा ना! काय गुन्हा?"

तो आवाज रुळांपलीकडे गेला असेल. दोन चिमण्या उडाल्या. एक बाळ उठून रडू लागलं. निम्मं मंडळ तोंडावर हात ठेवून उभं होतं.

क्रेचमारसाहेबांचं दार उघडलं. अंगात बनियन, पायात सपाता, गालावर उशीची सुरकुती. "कोण ओरडलं?" त्यांनी विचारलं. कुजबुजत.

"मी," फाल्क म्हणाला.

"गुड्रून हाबेलचा भाचा ना तुम्ही? विश्रांतीच्या वेळी! त्या बागेला एक ताकीद आहेच. ही दुसरी."

फाल्कच्या डोळ्यांपुढे मावशी आली. गुडघ्याला पट्टा बांधून सकाळी उठलेली आणि जायला कुठे जागा नसलेली. पायाखालची जमीन सरकली. मग त्यानं खाली पायांकडेच पाहिलं, आणि घाबरण्याच्या जागी त्याला भलताच राग आला. श्वानकर खात्यात या रागाला फार मान होता.

"कलम नऊ," तो म्हणाला. "आवाज ज्या बागेतून होईल, ताकीद त्या बागेच्या नावे. माझ्या मावशीची बाग तिकडे आहे. मी तुमच्या फाटकाच्या आत उभा आहे. ओरडणं तुमच्या बागेतून झालेलं आहे, क्रेचमारसाहेब. लिहा ताकीद स्वतःला."

क्रेचमारसाहेबांनी फाटकाकडे पाहिलं, फाल्कच्या बुटांकडे पाहिलं, आणि ते कलम कुणी लिहिलं होतं ते त्यांना आठवलं.

"मी झोपेत होतो," ते शेवटी म्हणाले. "स्वप्नात काहीतरी ऐकलं असेल." त्यांनी खिळ्यावरची किल्ली काढून पेट्झोल्टसाहेबांच्या हातावर ठेवली. "आणि फ्यूज वर करताना टक् असा आवाज होतो. तो हळू करा."

सॅलड वाचलं. लेनर्टबाई ते कबूल करणाऱ्यातल्या नव्हत्या. फाल्क वळला तेव्हा विब्के निघून गेली होती.

तीन वाजले आणि सगळ्या बागांतली यंत्रं एका दमात सुरू झाली. फाल्कनं लेनर्टबाईंच्या भाच्याकडून वायर मागून आणली, तीही बाईंनी नाक मुरडल्यावर, आणि उरलेलं कुंपण छाटलं. या खेपेला दोरी नाही, बाकावर कुणी नाही. मोजपट्टी लावून लावून सव्वा मीटर. मधली खाच तेवढी राहिली. तिच्यातून पलीकडची खुर्ची दिसत होती, रिकामी. खोलीचं दार बंद होतं. निम्म्या मंडळाला त्यानं सांगितलं होतं, आणि जिला सांगायचं होतं तिनं ते गर्दीत उभं राहून ऐकलं होतं. हे त्याला आता कळलं आणि कान तापले. मेळ्यात त्याला सॉसेज मिळालं, सॅलड मिळालं नाही. विब्के आलीच नाही. मावशीचा फोन आला तर तो म्हणाला, "छाटलं." आवाज असा का, असं तिनं विचारल्यावर म्हणाला, "ऊन लागलं."

रविवारी सकाळी समिती आली. पुढे क्रेचमारसाहेब, मागे लेनर्टबाई, मोजपट्टी धरायला पेट्झोल्टसाहेब. मोजपट्टी कुंपणाच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकाला गेली. एक बोटही वर नाही. फाल्कनं श्वास सोडला, तेवढ्यात क्रेचमारसाहेब खाचेपाशी थांबले.

"हे काय आहे?"

"खाच," फाल्क म्हणाला. "सव्वा मीटरच्या खाली आहे. कमी उंचीला बंदी नाही."

"उंचीचं नाही विचारत. जुनं लाकूड तुटलंय. कुंपणाची नासधूस म्हणजे ताकीद." क्रेचमारसाहेबांना फाटकातला तो प्रसंग अजून झोंबत होता, आणि रात्री तेही नियमावली काढून बसलेले दिसत होते. "एकच अपवाद. दोन बागांमधली वाट म्हणून ठेवलेली असेल तर चालतं. पण त्याला दोन्हीकडची संमती लागते. तुमची आहे, समजा. पलीकडची?"

फाल्कनं पलीकडे पाहिलं. विब्के खोलीच्या पायरीवर उभी होती. टोपी नव्हती. किती वेळ उभी होती कोण जाणे. ती चालत आली, खाचेच्या त्या बाजूला थांबली आणि हातांची घडी घातली. ती कालच्यापेक्षाही जास्त रागावलेली होती. फाल्कला मावशी आठवली, तिची गूजबेरीची झुडपं आठवली, आणि त्याला मनापासून लाज वाटली, कारण त्या घटकेला त्याला मावशीपेक्षा भीती दुसऱ्याच गोष्टीची वाटत होती.

"तुमची संमती आहे का?" क्रेचमारसाहेबांनी विचारलं. "नसेल तर नाही म्हणा. कुणाची जबरदस्ती नाही. नाही म्हणालात तर इकडे ताकीद जाईल, तुमच्याकडे नवं कुंपण लावून मिळेल. उंच वाढू द्यायचं की नाही ते पुढे बघू."

ते कुंपण तिला किती आवडायचं ते फाल्कला माहीत होतं. त्यानं जमिनीकडे पाहिलं.

"वाट," विब्के म्हणाली.

पेट्झोल्टसाहेबांच्या हातातली मोजपट्टी खाडकन मिटली.

"वाट म्हणून लिहा," ती म्हणाली. "आणि हेही लिहा, की या माणसानं काल लेनर्टबाईंना सांगितलं, पेट्झोल्टसाहेबांना सांगितलं, बनियनवरच्या अध्यक्षांना झोपेतून उठवून सांगितलं. सगळ्या मंडळाला सांगितलं! मला एकटीला अजून काहीसुद्धा विचारलेलं नाही. रात्रभर मी वाट बघत बसले, आणि हा तिकडे सॉसेज खात होता!"

लेनर्टबाईंनी फाल्ककडे अशा नजरेनं पाहिलं की कवायतीच्या मैदानावर चुकीचं पाऊल टाकणाऱ्या पोरांचं काय होत असेल ते त्याला कळलं.

"मूर्ख आहात का हो?" त्या म्हणाल्या. "विचारा की!"

फाल्कनं तोंड उघडलं, मोठा श्वास घेतला. क्रेचमारसाहेबांनी घाईनं एक बोट वर केलं.

"विचारा, जरूर विचारा," ते म्हणाले. "पण हळू. आज रविवार आहे."

आणि फाल्क ड्रेशरनं खाचेतून पुढे वाकून, कुणावरही न चिडता, हळूच विचारलं.